ग्राहक कंपनी दिवाळखोरीत गेली? थकलेल्या बिलांचा दावा असा लावा

मोठ्या ग्राहकाचं दिवाळं निघालं की पुरवठादार सहसा दोन गोष्टी करतात. अकाउंट्स विभागाला रोज फोन करतात, नाहीतर वकिलाकडून कडक नोटीस पाठवतात. दोन्ही वाया जातात, कारण त्या दिवसापासून कंपनीच्या चेकबुकवर जुन्या माणसांचा हात नसतो. तुमचं बिल आता ‘बिल’ राहत नाही, त्याचा ‘दावा’ होतो. दाव्याला ठरलेला फॉर्म आणि ठरलेली मुदत असते, शिवाय तो ठरलेल्या माणसाकडेच करावा लागतो. हे चुकलं तर रक्कम कितीही खरी असली तरी हाती काही लागत नाही.

इथे भारतातल्या नादारी व दिवाळखोरी संहिता, २०१६ म्हणजे आयबीसीनुसार क्रम दिला आहे. क्रम महत्त्वाचा आहे. पहिले तीन टप्पे बातमी कळल्यापासून दोन-तीन दिवसांत उरकायचे.

## १. ग्राहक नेमका कोण आहे ते ठरवा

बिलावरचं नाव आणि पीओवरचं (खरेदी आदेशावरचं) नाव शेजारी ठेवून वाचा. नावाच्या शेवटी प्रायव्हेट लिमिटेड, लिमिटेड किंवा एलएलपी असेल तर प्रकरण राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणाकडे, म्हणजे एनसीएलटीकडे जातं. पुढचे सगळे टप्पे अशाच ग्राहकासाठी आहेत.

ग्राहक प्रोप्रायटर किंवा साधी भागीदारी फर्म असेल तर रस्ता वेगळा आहे. आयबीसीचा व्यक्तींसाठीचा भाग सध्या फक्त कंपन्यांच्या वैयक्तिक हमीदारांना लागू आहे, तोही १ डिसेंबर २०१९ पासून. बाकीच्यांसाठी जुने नादारी कायदेच चालतात: मुंबई, कोलकाता, चेन्नईत १९०९ चा आणि इतरत्र १९२० चा. अशा ग्राहकावर नादारीचा आदेश झालेला नसेल तर नेहमीचा वसुलीचा दावा लावता येतो. भागीदार तर फर्मच्या देण्याला स्वतःच्या मालमत्तेनिशी जबाबदार असतात.

नेहमीची चूक: ग्रुपच्या तीन कंपन्या, गेट एक आणि खरेदी अधिकारीही एकच. माल एकीच्या नावावर गेला, दिवाळखोरी दुसरीची. पुरवठादार मात्र सगळ्या बिलांचा एकच दावा लावून मोकळा. प्रत्येक बिलावरचा जीएसटी क्रमांक पाहून गट पाडा. ज्या कंपनीवर प्रक्रिया नाही तिच्याकडून वसुली आजही नेहमीच्या मार्गाने करता येते.

## २. प्रवेशाची तारीख शोधा, खातं तिथे कापा

एनसीएलटी दिवाळखोरीचा अर्ज दाखल करून घेण्याचा आदेश देते, त्या दिवशी कंपनीची दिवाळखोरी प्रक्रिया सुरू होते. हीच प्रवेशाची तारीख, आणि पुढचा सगळा हिशेब तिच्याभोवती फिरतो. बाजारातल्या कुजबुजीवर विसंबू नका. तीन ठिकाणी पाहा:

- कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या संकेतस्थळावर कंपनीची स्थिती
- भारतीय नादारी व दिवाळखोरी मंडळाच्या (आयबीबीआय) संकेतस्थळावरची जाहीर सूचना
- एनसीएलटीच्या संकेतस्थळावरचा मूळ आदेश

आदेशात कंपनीचा कारभार हाती घेणाऱ्या अंतरिम निराकरण व्यावसायिकाची नेमणूक असते. व्यवहारात त्याला आयआरपी म्हणतात. पुढे तोच किंवा त्याच्या जागी आलेला दुसरा आरपी होतो. नेमणुकीनंतर तीन दिवसांत त्याने एका इंग्रजी आणि एका प्रादेशिक वृत्तपत्रात जाहीर सूचना द्यायची असते. दाव्यांची शेवटची तारीख त्याच्या नेमणुकीपासून चौदा दिवसांची असते. सूचना दोन-तीन दिवसांनी छापून आली, तुम्हाला कळायला आणखी आठवडा गेला, की हातात चारच दिवस उरतात.

आता लेजर काढा आणि प्रवेशाच्या तारखेवर आडवी रेघ मारा. रेघेच्या वरची बिलं दाव्यात जातात. रेघेखालच्या पुरवठ्याचे पैसे चालू खर्च म्हणून रोख मागायचे असतात. त्याबद्दल आठव्या टप्प्यात पाहू. दोन्ही एकत्र केलेल्या लेजरमुळे जितके दावे अडकतात, तितके बहुधा दुसऱ्या कशानेच अडकत नसतील.

तपासा: तारीख आदेशाचीच घेतली आहे ना? अर्ज दाखल झाल्याची, सूचना छापल्याची किंवा तुम्हाला पत्र मिळाल्याची तारीख इथे चालत नाही.

## ३. माल कुठे आहे ते पाहा

फॉर्म भरायला बसण्याआधी डिस्पॅचच्या माणसाला फोन करा. मालाची जागा चार प्रकारची असू शकते आणि प्रत्येकीचा उपाय निराळा आहे.

माल अजून तुमच्याकडे आहे. पाठवू नका. वस्तुविक्री कायदा, १९३० नुसार पैसे न मिळालेल्या विक्रेत्याला माल अडवून ठेवण्याचा हक्क आहे. उधारीवर विकलेला असला तरी खरेदीदार नादार झाला की हा हक्क मिळतो. या कायद्यात ‘नादार’ म्हणजे नेहमीच्या व्यवहारात देणी देणं थांबवलेला माणूस. त्यासाठी कोर्टाच्या आदेशाची गरज नाही.

माल वाटेत आहे. त्याच कायद्याच्या कलम ५० ते ५२ नुसार माल वाटेतच थांबवता येतो. नोटीस ट्रान्सपोर्टरला द्यायची. त्यात एलआर (ट्रान्सपोर्टरची माल-पावती) क्रमांक, गाडी क्रमांक, बिल क्रमांक, ‘माल उतरवू नये, परत पाठवावा’ एवढी स्पष्ट सूचना आणि परतीचं भाडं तुम्ही देणार असल्याचा उल्लेख हवा. ड्रायव्हरला फोन करून भागत नाही. ट्रान्सपोर्टरच्या मुख्य कार्यालयाला ईमेल करा, आणि गाडी ग्राहकाच्या गेटवर पोचायच्या आत करा. ग्राहकाने ताबा घेतला की हा हक्क संपला. प्रवेशाचा आदेश आधीच झालेला असेल तर त्याच दिवशी आयआरपीलाही कळवा, कारण यावर वाद निघू शकतो.

माल ग्राहकाच्या गोदामात आहे आणि विक्री पूर्ण झाली आहे. तो आता कंपनीचा. रात्री टेम्पो लावून उचलून आणला तर गुन्हा तुमच्यावर दाखल होईल.

ग्राहकाकडे आहे, पण मालकी तुमची आहे. यात कन्साइनमेंटचा साठा, जॉबवर्कसाठी दिलेला कच्चा माल, तुमचे साचे आणि डाय, परतीचे पॅलेट आणि सिलिंडर येतात. आयबीसीच्या कलम १८ च्या स्पष्टीकरणानुसार करारान्वये ताब्यात असलेल्या दुसऱ्याच्या वस्तू कंपनीच्या मालमत्तेत मोजल्या जात नाहीत. तरीही थेट उचलून आणता येत नाहीत, कारण मोरेटोरियममध्ये, म्हणजे प्रक्रिया सुरू असताना कंपनीविरुद्धच्या वसुलीवर असलेल्या स्थगितीत, ताब्यातली वस्तू मालकानेही परस्पर परत घ्यायला मनाई आहे. पहिल्याच आठवड्यात आयआरपीला पत्र द्या. सोबत वस्तूंची यादी, शिक्के किंवा अनुक्रमांक, डिलिव्हरी चलनं आणि फोटो जोडा, आणि या वस्तू वेगळ्या ठेवून साठ्याच्या यादीतून वगळाव्यात असं लिहा. साठ्याची मोजणी एकदा झाली की तुमचा डाय ‘प्लांट व यंत्रसामग्री’त बसतो आणि तिथून बाहेर काढायला महिने जातात.

## ४. कागद लावा

आरपीच्या टेबलावर शेकडो दावे असतात. तुमची फाईल उघडणाऱ्या माणसाने एका बिलाची साखळी पाच मिनिटांत तपासली पाहिजे. म्हणून कागद प्रकारानुसार न लावता बिलानुसार लावा. प्रत्येक बिलामागे या क्रमाने:

पीओ, बिल, ई-वे बिल, एलआर, ग्राहकाच्या गेटचा शिक्का असलेलं चलन किंवा ग्राहकाची माल मिळाल्याची पावती.

त्यानंतर सगळ्या बिलांना मिळून एकदाच: त्या महिन्यांच्या जीएसटीआर-१ आणि जीएसटीआर-३बी चे संबंधित उतारे, प्रवेशाच्या तारखेपर्यंतचं लेजर आणि पैसे जमा झालेल्या नोंदींचा बँक उतारा. जीएसटी विवरणपत्रं आणि ई-वे बिल हा पुरवठ्याचा पुरावा म्हणून नियमांतच नमूद आहे, तो गाळू नका. ग्राहकाने ईमेलवर मान्य केलेली शिल्लक किंवा सही केलेलं शिल्लक पुष्टीपत्र असेल तर ते सगळ्यांत वर लावा. त्या एका कागदाने निम्मे प्रश्न संपतात.

मुदतबाह्य बिलं: देय तारखेपासून तीन वर्षं उलटली असतील तर दावा सहसा नाकारला जातो. मधल्या काळात काही रक्कम आली असेल किंवा ग्राहकाने मुदत संपण्याआधी लेखी कबुली दिली असेल, तर तिथून तीन वर्षं नव्याने मोजली जातात. असा कागद असेल तर तोही त्या बिलामागे लावा.

दुहेरी दावा: बिल टीआरईडीएसवर (बिलं वटवण्याच्या ऑनलाइन मंचावर) किंवा फॅक्टरिंग कंपनीकडे वटवून पैसे घेतले असतील तर ते येणं तुमचं राहिलेलं नाही. ते यादीतून काढा.

## ५. रक्कम काढा

दाव्यात बिलाची जीएसटीसह पूर्ण रक्कम धरायची. तिच्यातून मिळालेले पैसे, मान्य डेबिट नोटा आणि परत आलेला माल वजा करायचा, आणि प्रवेशाच्या तारखेपर्यंतचं व्याज वर चढवायचं. त्यापुढचं व्याज मिळत नाही.

समजा बिल ४,००,००० रुपये अधिक १८ टक्के जीएसटी, म्हणजे ४,७२,००० रुपयांचं आहे. देय तारीख १० जानेवारी २०२५, प्रवेशाची तारीख ५ जून २०२५ आणि पीओत वार्षिक १८ टक्के व्याज मान्य केलेलं. मधले दिवस १४६.

४,७२,००० × १८ टक्के × १४६ ÷ ३६५ = ३३,९८४ रुपये.

दावा ५,०५,९८४ रुपयांचा. असा तक्ता बिलागणिक एक ओळ धरून एक्सेलमध्ये करा आणि पीडीएफसोबत मूळ एक्सेलही पाठवा.

व्याजाचा आधार दाखवावा लागतो. पीओत किंवा करारात दर मान्य असेल तर प्रश्न नाही. फक्त तुमच्याच बिलाच्या तळाशी बारीक अक्षरांत ‘२४ टक्के व्याज’ छापलेलं असेल तर त्यावर वाद होणार हे धरून चाला. सूक्ष्म किंवा लघु उद्योग म्हणून उद्यम नोंदणी असलेल्या उत्पादकाला किंवा सेवा पुरवठादाराला २००६ च्या एमएसएमईडी कायद्याचा आधार आहे. करारात लिहिलेली मुदत ४५ दिवसांपेक्षा जास्त असू शकत नाही, आणि उशिरावर रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट, दरमहा चक्रवाढ व्याज लागतं. नोंदणी पुरवठ्याच्या आधीची असेल तर बाजू भक्कम राहते. नुसत्या ट्रेडिंगवाल्यांनी हे कलम लावू नये.

मुद्दल आणि व्याज वेगवेगळ्या रकान्यांत दाखवा. व्याज कापलं गेलं तरी मुद्दल स्वच्छ मान्य होतं.

परस्पर वळती नाही: तुम्हीही त्या ग्राहकाला काही देणं लागता? ते स्वतःच्या मनाने वळतं करून उरलेल्या रकमेचा दावा लावू नका. सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२४ मध्ये स्पष्ट केलं आहे की प्रक्रिया सुरू असताना अशी वजावट सरसकट चालत नाही. प्रवेशापूर्वीच लागू झालेला करार असेल किंवा दोन्ही देणी एकाच व्यवहारातून एकमेकांत गुंतलेली असतील, तरच अपवाद. फॉर्ममध्ये परस्पर देण्यांचा रकाना आहे, तिथे लिहा.

## ६. फॉर्म बी भरा आणि पाठवा

माल किंवा सेवा पुरवणारा म्हणजे कायद्याच्या भाषेत कार्यकारी धनको. त्याच्यासाठी फॉर्म बी आहे. फॉर्म सी बँकांसारख्या वित्तीय धनकोंचा. रक्कम मोठी दिसते म्हणून किंवा व्याज आहे म्हणून फॉर्म सी भरणारे कमी नाहीत, आणि त्यात आठवडे वाया जातात.

भरताना या चार जागा नीट पाहा:

1. नाव बिलावर आणि पॅनवर आहे तसंच, अक्षरन् अक्षर.
2. सुरू असलेले खटले, लवाद किंवा एमएसएमई परिषदेतलं प्रकरण. लपवलं तर आरपीला कंपनीच्या कागदांतून सापडतंच.
3. पैसे फिटेपर्यंत मालकी राखण्याची अट करारात असेल तर तिचा उल्लेख इथेच करा. नंतर केलेला उल्लेख पश्चातबुद्धी ठरतो.
4. बँक खात्याचा तपशील आणि शेवटची घोषणा. सही करणाऱ्याचा अधिकार दाखवणारा ठराव किंवा पत्र जोडा.

जाहीर सूचनेतल्या ईमेलवरच पाठवा, कंपनीच्या जुन्या पत्त्यावर नाही. फाईल मोठी असेल तर भाग पाडा आणि विषयात ‘भाग १/३’ असं लिहा. पोच आली नाही तर दुसऱ्या दिवशी पुन्हा विचारा. कागद अर्धवट असले तरी मुदतीत फॉर्म पाठवा आणि उरलेले नंतर जोडा. परिपूर्ण फाईलच्या नादात तारीख घालवू नका.

मुदत गेली असेल तर: प्रवेशापासून नव्वद दिवस किंवा निराकरण आराखडे (कंपनी घेऊन सावरू पाहणाऱ्यांचे प्रस्ताव) मागवण्याची सूचना निघेपर्यंत, यातली नंतरची तारीख येईपर्यंत उशिराचं कारण देऊन दावा करता येतो. त्याही पुढे गेलं तर दावा धनको समितीच्या शिफारशीवर आणि एनसीएलटीच्या माफीवर अवलंबून राहतो. एकदा आराखडा मंजूर झाला की त्यात नसलेले जुने दावे संपले. सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२१ मध्ये हे निःसंदिग्ध सांगितलं आहे.

## ७. यादीत किती मान्य झालं ते पाहा

दावा पाठवून गप्प बसणं ही पुढची मोठी चूक. मुदतीनंतर सात दिवसांत दाव्यांची पडताळणी करून यादी तयार करायची असते. ती आयबीबीआयच्या संकेतस्थळावर येते. तुमच्या नावापुढे दावा किती आणि मान्य किती, हे दोन्ही आकडे पाहा.

कपात दिसली तर कारण लेखी मागा. कारणं बहुतेक ठरावीक असतात: कंपनीच्या पुस्तकात बिलाची नोंद नाही, डेबिट नोट पडलेली आहे, गेटचा शिक्का नाही. पहिल्या आणि तिसऱ्या कारणावर ई-वे बिल आणि जीएसटीआर-१ चा उतारा सहसा पुरतो. डेबिट नोटेसाठी ती आली तेव्हा तुम्ही नाकारल्याचा ईमेल लागतो. पुरावा देऊनही आरपी ऐकत नसेल तर कलम ६०(५) खाली एनसीएलटीकडे अर्ज करता येतो. तो आराखडा मंजूर होण्याआधी करा.

मधल्या काळात हमीदाराकडून किंवा विम्यातून काही रक्कम मिळाली तर दावा तेवढा कमी करून कळवणं बंधनकारक आहे.

## ८. नवा माल द्यायचा का?

आरपी कारखाना चालू ठेवतो, त्यामुळे त्याला तुमचा माल लागू शकतो. प्रक्रिया चालवण्यासाठी झालेला खर्च वाटपात सगळ्यांच्या आधी फेडला जातो. एवढ्याचसाठी रेघेखालचं खातं वेगळं ठेवायचं. नवा पीओ आरपीच्या सहीचा घ्या आणि पेमेंट आगाऊ किंवा आठवड्याला ठरवा.

‘मागचे पैसे द्या, मगच माल’ ही अट घालू नका. जुनं देणं आरपी परस्पर फेडू शकत नाही. शिवाय तुमचा पुरवठा कंपनी चालू राहण्यासाठी अत्यावश्यक आहे असं त्याने ठरवलं तर तो मोरेटोरियमच्या काळात थांबवताही येत नाही. मात्र त्या काळातलं चालू बिल थकलं तर तुम्ही थांबू शकता. म्हणून चालू बिल एक दिवसही लांबू देऊ नका.

## ९. कंपनीबाहेर कोणाकडे पैसे आहेत?

मोरेटोरियमचं संरक्षण कंपनीला आहे, तिच्या हमीदारांना नाही. म्हणून हे कागद पहिल्या आठवड्यातच शोधा:

- ग्राहकाच्या बँकेने दिलेली हमी किंवा लेटर ऑफ क्रेडिट. हे देणं बँकेचं आहे. संपण्याची तारीख पाहा आणि अटींप्रमाणे लगेच मागणी करा.
- संचालकांची वैयक्तिक हमी. त्यांच्यावर स्वतंत्र दावा होतो. एखाद्या बँकेने त्या हमीदाराच्याच नादारीचा अर्ज केला असेल तर मात्र अर्जाच्या तारखेपासून तिथेही अंतरिम स्थगिती लागते.
- उधारी विमा. विमा कंपनीला कळवायची मुदत पॉलिसीत असते आणि ती काटेकोर पाळावी लागते.
- न वटलेले चेक. कंपनीविरुद्धचा कलम १३८ चा खटला थांबतो, पण संबंधित संचालकांविरुद्ध चालू राहू शकतो. नोटिशीनंतरची पंधरा दिवसांची मुदत मोरेटोरियमच्या आधी संपली होती का, हे इथे कळीचं आहे. आदेशानंतर चेक भरून तो परत आणण्यात अर्थ नाही.

आणि एक उलटी बाजू. प्रवेशापूर्वीच्या वर्षभरात इतर धनकोंना डावलून तुम्हाला झुकतं माप मिळालं असेल, उदाहरणार्थ जुन्या उधारीपोटी घाईने मशीन दिलं किंवा मालमत्ता तारण दिली, तर आरपी आयबीसीच्या कलम ४३ खाली ते परत मागू शकतो. तुम्ही ग्राहकाचे नातेवाईक किंवा संबंधित कंपनी असाल तर दोन वर्षं मागे पाहिलं जातं. नेहमीच्या व्यवहारात, नेहमीच्या मुदतीने झालेल्या पेमेंटला सहसा धोका नसतो.

## १०. किती मिळेल, आणि पुस्तकात काय करायचं

कंपनी विकली गेली तर आराखड्यात कार्यकारी धनकोंना किमान तेवढं मिळावं लागतं जेवढं कंपनी मोडीत काढून मिळालं असतं, आणि ते वित्तीय धनकोंच्या आधी द्यावं लागतं. ऐकायला बरं वाटतं. पण मोडीत वाटपाचा क्रम पाहा: प्रक्रियेचा खर्च, मग कामगारांची २४ महिन्यांची देणी आणि तारणधारक बँका, मग इतर कर्मचाऱ्यांचे १२ महिन्यांचे पगार, मग बिनतारण वित्तीय धनको, मग सरकारी देणी, आणि त्यानंतर तुम्ही. समजा मालमत्तेचे १० कोटी आले, खर्च सव्वा कोटी झाला आणि बँकेचं तारण-कर्ज ४० कोटी आहे. तुमच्या ओळीपर्यंत रुपयाही येत नाही. म्हणूनच तिसरा, आठवा आणि नववा टप्पा फॉर्मइतकेच गांभीर्याने घ्या.

प्रकरण मोडीत निघालं तर लिक्विडेटर, म्हणजे मालमत्ता विकून पैसे वाटणारा अधिकारी, नवी जाहीर सूचना काढतो. ती वाचून, तिच्यात मागितलेल्या फॉर्ममध्ये आणि मुदतीत पुन्हा कळवा. आधीचा दावा आपोआप पुढे गेला असेल असं गृहीत धरू नका.

भरलेला जीएसटी बुडीत बिलावर परत मिळत नाही. पैसे आले नाहीत एवढ्या कारणाने क्रेडिट नोट काढून कर कमी करणं चुकीचं आहे. पुढे त्यावर व्याज आणि दंड लागतो. प्राप्तिकरात मात्र येणं बुडीत म्हणून पुस्तकातून काढून टाकलं की त्या वर्षी वजावट मागता येते. पुढे आराखड्यातून काही रक्कम आली तर ती त्या वर्षीचं उत्पन्न धरायची. दावा सुरू असतानाही येणं पुस्तकातून काढता येतं, त्याने दाव्यावर परिणाम होत नाही. फक्त आरपीला पाठवलेल्या लेजरची प्रत ही नोंद करण्याआधीची असू द्या, नाहीतर शिल्लक शून्य दिसेल आणि दावा तपासणारा पुन्हा तुम्हालाच प्रश्न विचारेल.